क्राकोवहून ऑशविट्झ: एका दिवसाची गाईडेड टूर घ्यावी का, घ्यावी तर कोणती

बेळगावातून जाणाऱ्या ‘पूर्व युरोप’ टूरच्या पत्रकात प्राग, व्हिएन्ना आणि बुडापेस्टच्या सोबतीला क्राकोवचा एखादा मुक्काम असतो. त्यापुढं एक ओळ छापलेली असते: ‘ऑशविट्झ छळछावणी व सॉल्ट माईन’. हे परीक्षण त्या ओळीतल्या पहिल्या अर्ध्याचं, म्हणजे दुसऱ्या महायुद्धात नाझी जर्मनीनं व्यापलेल्या पोलंडमध्ये चालवलेल्या छावणीचं आहे. निकाल आधीच सांगून टाकतो. छावणीच्या आतली गाईडेड फेरी उत्तम आहे. तिच्याभोवती बांधलेलं पॅकेज बहुतेक वेळा घाईचं असतं. आणि ‘सॉल्ट माईन’ त्याच दिवशी असेल तर ती टूर घेऊच नये.

पैसे कशाचे जातात हे आधी नीट समजून घ्यायला हवं, कारण एजंटकडं ते कुणी विचारत नाही. छावणीच्या जागेवर आता स्मारक आहे, त्यात प्रवेश फुकट आहे. १९४७ साली पोलंडच्या संसदेच्या कायद्यानं हे संग्रहालय झालं, आणि आजही तिथं प्रवेशाचं शुल्क नाही. वेळ ठरवून नावानिशी पास घ्यावा लागतो, एवढंच. शुल्क पडतं ते गाईडचं. आत बोलायचा अधिकार फक्त संग्रहालयानं तयार केलेल्या गाईडलाच आहे, टूर कंपनीचा माणूस आत माहिती सांगू शकत नाही. म्हणजे तुम्ही स्वस्त टूर घ्या की महाग, आत भेटणारा माणूस त्याच गटातला. किमतीतला फरक गाडीचा, हॉटेलवरून उचलण्याचा आणि डब्याचा. ‘आमचा स्पेशल गाईड’ असं कुणी सांगत असेल तर कागदावर काय लिहिलंय ते वाचा.

आता घोळ कुठं होतो ते. सर्वात मोठा घोळ वेळेचा. इंग्रजी गाईडच्या जागा मर्यादित असतात, एका गटात तीसेक माणसं. उन्हाळ्यात दोन-दोन महिने आधी जागा भरतात. स्वस्तातल्या टूर कंपन्या तुमचं बुकिंग आधी घेतात आणि जागा मागाहून शोधतात. म्हणून त्यांच्या अटींमध्ये बारीक अक्षरात लिहिलेलं असतं की निघायची वेळ पहाटेपासून दुपारपर्यंत कधीही बदलू शकते. आदल्या संध्याकाळी मेसेज येतो: सकाळी नऊऐवजी पावणेसहाला तयार राहा. यावर उपाय एकच. बुकिंग करताना ‘संग्रहालयानं पक्की केलेली वेळ’ लेखी मागा, आणि मिळत नसेल तर त्या दिवशी दुसरं काहीही ठरवू नका.

दुसरा घोळ नावाचा, आणि हा खास आपल्या भागाचा आहे. पास नावानिशी असतो आणि दारावर तो ओळखपत्राशी ताडून बघतात. सीमाभागातल्या मंडळींच्या कागदपत्रांवर नावांची तऱ्हा वेगवेगळी. कुणाच्या पासपोर्टवर वडिलांचं नाव मधे, कुणाचं आडनावाचा रकानाच रिकामा, कुणाची नुसती आद्याक्षरं, कारण शाळेचा दाखला कन्नडमधून आला आणि पुढं ते तसंच चालत राहिलं. एजंट मात्र सवयीनं ‘पाटील मामा’, ‘मिसेस देसाई’ अशा थाटात यादी पाठवतो. पासपोर्टच्या पानावर जे अक्षर न् अक्षर आहे, तेच पासवर यायला हवं. जन्मस्थळ ‘बेळगाम’ आहे की ‘बेळगावी’ याची तिथं कुणाला फिकीर नाही, तेवढी काळजी सोडून द्या. पण मूळ पासपोर्ट खिशात हवा. झेरॉक्स हॉटेलात चालते, इथं तिच्यावर भिस्त ठेवू नये.

तिसरी गोष्ट पिशवी. आत नेता येणाऱ्या पिशवीची कमाल मर्यादा ३५ × २५ × १५ सेंटीमीटर. पाठीवरची नेहमीची सॅक यात बसत नाही. ती गाडीतच ठेवावी, नाहीतर सामानघरात द्यावी लागते आणि तुमच्यासाठी अख्खा गट थांबतो. तपासणी विमानतळासारखी असते. कमरेचा पट्टा, नाणी, चाव्या आधीच काढून हातात ठेवल्या की रांग लवकर सरते.

क्राकोव ते ओश्वियेन्चिम (ऑशविट्झच्या गावाचं पोलिश नाव) हे अंतर पासष्ट-सत्तर किलोमीटर, म्हणजे आपल्या बेळगाव-निपाणीच्या आसपास. गाडीला सव्वा ते दीड तास लागतो. बऱ्याच कंपन्या वाटेत व्हॅनमध्ये छावणी मुक्त झाली त्या वेळच्या चित्रीकरणावर आधारलेला माहितीपट लावतात. ज्यांना गाडी लागते त्यांनी खिडकीबाहेर बघितलेलं बरं, कारण ती दृश्यं बघून पुढं चार तास चालायचं असतं. पोचल्यावर स्वच्छतागृहात जाऊन यावं. फेरी सुरू झाल्यावर मधल्या सुट्टीपर्यंत गट थांबत नाही. कानाला लावायचं यंत्र मिळतं, त्याचा आवाज आणि वाहिनी तिथल्या तिथं तपासून घ्या. आत गेल्यावर बदलून मिळत नाही आणि एकाच ब्लॉकमध्ये, म्हणजे नंबर घातलेल्या बराकीत, चार-चार गट बोलत असतात.

नेहमीची फेरी साडेतीन तासांची. तिचे दोन भाग. पहिला ऑशविट्झ १, म्हणजे पोलिश सैन्याच्या जुन्या बराकींत १९४० साली जर्मनांनी उघडलेली मूळ छावणी. त्या वर्षीच्या १४ जूनला टार्नूवहून ७२८ पोलिश राजकीय कैदी इथं आणले गेले, तिथून छावणीचा हिशोब सुरू होतो. दुसरा भाग तीन किलोमीटरवरचं बिर्केनाऊ, जे १९४१ च्या ऑक्टोबरपासून बांधायला घेतलं. पहिल्या भागाला साधारण दोन तास मिळतात, दुसऱ्याला उरलेला वेळ.

पहिल्या भागात ‘आर्बाइट माख्ट फ्राय’ (काम माणसाला मुक्त करतं) या पाटीची कमान लागते. तिथं सगळे थांबतात आणि तिथंच सर्वात जास्त वेळ वाया जातो. वरची पाटी मूळ नाही. मूळ पाटी २००९ च्या डिसेंबरात चोरीला गेली, तीन तुकड्यांत सापडली, आता ती जपून ठेवली आहे आणि कमानीवर प्रतिकृती आहे. चांगले गाईड इथं दोन मिनिटांवर थांबत नाहीत.

खरी फेरी ४, ५, ६ आणि ११ या ब्लॉकमधली. ब्लॉक ४ मध्ये संहाराची पद्धत नकाशे आणि छायाचित्रांतून मांडली आहे. तिथल्या एका दालनात कापलेल्या केसांचा ढीग काचेमागं आहे, त्या दालनात फोटो काढायला मनाई आहे. ब्लॉक ११ च्या तळघरातही फोटो काढता येत नाहीत. बाकी ठिकाणी चालतात, फ्लॅश आणि स्टँड सोडून. ब्लॉक ५ मध्ये लोकांच्या वस्तू आहेत. बूट, चष्मे, कुबड्या आणि कृत्रिम पाय, स्वयंपाकाची भांडी. थांबायचं असेल तर बॅगांच्या काचेसमोर थांबा. चामड्याच्या आणि पुठ्ठ्याच्या बॅगांवर पांढऱ्या रंगात ठसठशीत अक्षरांत नाव, गाव, जन्मतारीख घातलेली आहे. काही अक्षरं घाईत ओघळलेली, काही एखाद्या पाटी रंगवणाऱ्यानं काढावीत तशी सरळ. सामान परत मिळेल असं सांगितलं होतं म्हणून मालकांनी ती स्वतः लिहिली. गर्दीत गाईडला इथं मिनिटभरही मिळत नाही. गटाच्या शेवटी राहिलात तर थोडं जास्त बघता येतं, आणि यंत्रातून आवाज येत असल्यानं पुढचं काही चुकतही नाही.

पायऱ्यांकडं लक्ष असू द्या. लाखो पावलांनी त्या मधोमध खोलगट झाल्या आहेत, पावसाळी दिवशी घसरतात. या जुन्या इमारतींत लिफ्ट नाही.

ब्लॉक ११ हा छावणीच्या आतला तुरुंग. १९४१ च्या सप्टेंबरात याच तळघरात सोविएत युद्धकैदी आणि आजारी पोलिश कैद्यांवर झिक्लॉन बी या विषारी वायूचा पहिला मोठा प्रयोग झाला. शेजारच्या अंगणात गोळ्या घालायची भिंत आहे. ती युद्धानंतर पुन्हा उभारलेली. फेरीच्या शेवटी येणाऱ्या पहिल्या दाहगृहाची चिमणी आणि भट्ट्याही युद्धानंतर जुन्या भागांतून पुन्हा जोडलेल्या आहेत, कारण जर्मनांनीच १९४४ मध्ये ती इमारत हवाई हल्ल्यापासूनच्या आसऱ्यात बदलली होती. गाईड हे लपवत नाहीत, स्पष्ट सांगतात. हा प्रामाणिकपणा आम्हाला या टूरमधला सर्वात जमेचा भाग वाटतो. काय मूळ, काय पुन्हा बांधलेलं, हे सांगितलं नाही की संहार झालाच नाही म्हणणाऱ्यांना आयतं निमित्त मिळतं.

ब्लॉक २७ मात्र नेहमीच्या फेरीत हमखास असेल असं नाही. तिथं याद वाशेम या इस्रायलच्या स्मृतिसंस्थेनं २०१३ साली उभारलेलं प्रदर्शन आहे आणि मारल्या गेलेल्या ज्यू लोकांच्या सुमारे ४२ लाख नावांचं माणसाच्या उंचीएवढं पुस्तक. ते बघायचंच असेल तर गाईडला सुरुवातीलाच विचारा.

मधल्या सुट्टीचा पंधरा मिनिटांचा वेळ रांगेतच जातो. मग स्मारकाच्या दोन्ही भागांना जोडणारी बस, किंवा टूरची स्वतःची गाडी. आता बिर्केनाऊ, आणि इथंच या टूरची खरी तक्रार आहे.

बिर्केनाऊचा जतन केलेला भाग १७१ हेक्टर, म्हणजे सव्वाचारशे एकरांच्या आसपास. मारले गेलेले बहुतेक लोक इथं मारले गेले. साडेतीन तासांच्या फेरीत याला तास-सव्वा तास मिळतो. तेवढ्यात दार, रूळ, फलाट, दोन दाहगृहांचे अवशेष, मृतांचं स्मारकशिल्प आणि एखादी बराक होते. रुळांचा फाटा आत आणला गेला १९४४ च्या मे महिन्यात, हंगेरीतल्या ज्यूंसाठी. त्याच्या आधीच्या गाड्या बाहेरच्या फलाटावर थांबत. दारापासून स्मारकशिल्पापर्यंत जवळपास किलोमीटरभर चालणं आहे, तेही खडीवरून. दुसऱ्या आणि तिसऱ्या क्रमांकाची दाहगृहं एसएसनं (छावणी चालवणाऱ्या नाझी दलानं) जाण्यापूर्वी २० जानेवारी १९४५ ला सुरुंगानं उडवली. त्यांचे कोसळलेले स्लॅब तसेच आहेत. चौथ्या दाहगृहाला ७ ऑक्टोबर १९४४ ला तिथं राबवल्या जाणाऱ्या कैद्यांनीच उठाव करून आग लावली. तिकडं, लुटलेल्या सामानाच्या गोदामांकडं आणि नव्या कैद्यांची नोंद आणि आंघोळ होई त्या ‘सौना’ नावाच्या इमारतीकडं नेहमीची फेरी जात नाही, कारण ते सगळं मागच्या टोकाला आहे.

म्हणून ज्यांना चालवतं त्यांनी संग्रहालयाची सहा तासांची अभ्यासफेरी घ्यावी. ती बहुतेक टूर कंपन्या विकत नाहीत, कारण गाडी दिवसभर अडकते. ती संग्रहालयाच्या संकेतस्थळावरून स्वतः घ्यावी लागते. तिच्यात बिर्केनाऊला पुरेसा वेळ असतो आणि मागच्या टोकापर्यंत जाता येतं.

भाषेचं. मराठी किंवा हिंदी गाईडची आशा ठेवू नका. इंग्रजी फेरीतला उच्चार पोलिश वळणाचा असतो आणि वेग बऱ्यापैकी. इंग्रजी जेमतेम येणाऱ्या ज्येष्ठांना चार आकडे आधी माहीत असले की बाकी धागा हाती राहतो. एकूण सुमारे १३ लाख लोक इथं आणले गेले. त्यांतले सुमारे ११ लाख मारले गेले. त्यांतले जवळपास १० लाख ज्यू. उरलेल्यांत ७० ते ७५ हजार पोलिश, सुमारे २१ हजार रोमा (ज्यांना जिप्सी म्हणत) आणि जवळपास १५ हजार सोविएत युद्धकैदी. आणखी एक गोष्ट कळून घ्यावी, कारण गाईड ती वेगात बोलून जातो: सुमारे नऊ लाख लोकांची छावणीत कैदी म्हणून नोंदच झाली नाही. गाडीतून उतरवून, तिथंच वेगळं काढून त्यांना थेट विषारी वायूकडं नेलं. हातावर नंबर गोंदवले ते कामाला ठेवलेल्यांच्या. रोमा लोकांचे पूर्वज भारतातून गेलेले, त्यामुळं भारतीय गट दिसला की काही गाईड त्यांच्या छावणीचा, तिथं उरलेल्यांना मारलं त्या २ ऑगस्ट १९४४ च्या रात्रीचा, थोडा जास्त उल्लेख करतात. विचारलं तर आनंदानं सांगतात.

‘पोलिश छावणी’ असं मात्र म्हणू नये. युनेस्कोनं १९७९ साली यादीत घेतलेल्या या जागेचं नाव २००७ मध्ये मुद्दाम बदलून त्यात ‘जर्मन नाझी’ हे शब्द घातले. पोलिश माणूस यावर हळवा आहे, आणि त्याला कारण आहे.

याच संदर्भात आपल्याकडची एक गल्लत. आपल्या गटात कुणीतरी हमखास म्हणतं, ‘अहो, आपल्या कोल्हापुराजवळ वळिवड्यालाही पोलंडची छावणी होती की.’ होती. १९४३ ते १९४८ मध्ये तिथं सुमारे पाच हजार पोलिश लोक राहिले, बहुतांश बायका आणि मुलं. पण ती निर्वासितांची वसाहत होती, आणि ती माणसं सोविएत रशियानं हद्दपार केलेल्यांपैकी, हिटलरच्या छावण्यांतून सुटलेली नव्हेत. क्राकोवमध्ये वळिवड्याचं नाव काढलं तर एखाद्या म्हाताऱ्या माणसाचा चेहरा उजळू शकतो. ऑशविट्झच्या गाईडला मात्र हे जोडून विचारलं की तो गोंधळतो. दोन्ही गोष्टी आपापल्या जागी ठेवाव्यात.

वागणुकीचं थोडं स्पष्ट बोलावं लागेल. गळ्यातलं किंवा बॅगेवरचं स्वस्तिक आत झाका, गाडीत ठेवलं तर उत्तम. आपल्या दृष्टीनं ते मंगल आहे, पण पोलंडमध्ये नाझी चिन्हांच्या प्रदर्शनाविरुद्ध कायदा आहे आणि तिथल्या पहारेकऱ्याला देव्हाऱ्याची गोष्ट समजावत बसण्याची ती जागा नव्हे. रुळांवर तोल सावरत चालतानाचे फोटो काढू नका. २०१९ मध्ये संग्रहालयानं तसं जाहीर आवाहन केलं होतं. ग्रुप फोटोसाठी ‘जरा हसा की’ अशी हाक दारातल्या शांततेत लांबवर जाते. आणि शिस्तीचा नमुना म्हणून हिटलरचं नाव घेणारी जी माणसं आपल्याकडं चौकाचौकात भेटतात, त्यांच्यासाठी तर ही टूर सक्तीची असायला हरकत नाही.

मुलं. संग्रहालयाचा सल्ला आहे की चौदा वर्षांखालच्या मुलांना आणू नये. तो मानावा. नातवंडं सोबत असतील तर एकानं त्यांच्याबरोबर क्राकोवच्या जुन्या शहरात थांबणं सोयीचं.

ज्येष्ठांसाठी हिशोब असा: दोन्ही भाग मिळून चार-पाच किलोमीटर चालणं, बरंचसं उभं राहणं, बसायला फार कमी. गुडघे दुखत असतील तर पहिला भाग पूर्ण करून बिर्केनाऊत दाराजवळ थांबावं, ड्रायव्हरशी तसं आधी बोलून ठेवावं. बूट जाड तळव्याचे हवेत. सँडलमध्ये खडी घुसते.

हवेचं गणित आपल्या सुट्ट्यांशी जुळत नाही. मे महिन्यात आपली सुट्टी आणि त्यांच्या शाळांच्या सहली एकत्र येतात, म्हणून जागा लवकर संपतात. दिवाळीच्या सुट्टीत गर्दी कमी, पण नोव्हेंबरात शेवटचा प्रवेश दुपारी तीनला आणि चारच्या सुमारास अंधार. त्यामुळं त्या काळात दुपारची टूर घेतली की बिर्केनाऊ अंधारात बघावं लागतं. सकाळचीच घ्या. हिवाळ्यात मोकळ्या मैदानावर वारा बोचतो. बेळगावची डिसेंबरातली थंडी अंगवळणी पडलीय म्हणून स्वेटरवर भागेल असं समजू नका. टोपी, हातमोजे आणि वारा अडवणारं जाकीट हवंच. जुलै-ऑगस्टात उलट, सावलीला झाड नाही, पाण्याची बाटली आणि टोपी लागते. १ जानेवारी, २५ डिसेंबर आणि ईस्टरचा रविवार, हे तीन दिवस स्मारक बंद असतं.

जेवण. आत खायला बंदी आहे, आणि ती योग्य आहे. टूरचा ‘लंच बॉक्स’ म्हणजे बहुधा सँडविच, एखादं फळ आणि पाणी. शाकाहारी हवं तर बुकिंगच्या वेळीच लिहून द्यावं लागतं, ऐनवेळी हॅम काढून दिलेलं सँडविच हाती येतं. चिकोडी-निपाणीकडच्या जैन मंडळींनी तर दशम्या, चिवडा आपलाच न्यावा आणि व्हॅनमध्ये किंवा दाराबाहेर खावा.

सॉल्ट माईनबद्दल सुरुवातीला जे म्हटलं त्याचं कारण आता देतो. व्हिएलिच्का इथल्या मिठाच्या खाणीत आठशेवर पायऱ्या आहेत, त्यांतल्या ३८० च्या आसपास सुरुवातीलाच उतराव्या लागतात. ऑशविट्झचे साडेतीन तास, दोन प्रवास आणि वर ही खाण, असा अकरा-बारा तासांचा दिवस होतो. वेळेचं गणित जुळवायला काटछाट होते ती बिर्केनाऊत, कारण खाणीच्या तिकिटाची वेळ पक्की असते. खाण सुंदर आहे. ती दुसऱ्या दिवशी ठेवा.

स्वतःच्या हिमतीवर जाणाऱ्यांसाठी: क्राकोवच्या मुख्य स्थानकाला लागून असलेल्या बसस्थानकातून संग्रहालयाच्या दारापर्यंत थेट बस जाते, दीड तासाच्या आसपास. रेल्वेही आहे, पण ओश्वियेन्चिम स्थानकावरून पुढं चालावं किंवा स्थानिक बस पकडावी लागते. पासवरच्या वेळेच्या आधी किमान अर्धा तास पोचायला हवं, उशीर झाला तर गट निघून जातो आणि पास वाया जातो. म्हणून बस अशी निवडा की ती अर्धा तास रखडली तरी चालेल. याचा खर्च टूरच्या मानानं फार कमी, आणि सहा तासांची फेरी घ्यायची तर हाच मार्ग. सोबत ज्येष्ठ असतील, किंवा इंग्रजीत वाट विचारत फिरायचा कंटाळा असेल, तर व्हॅनवाली टूर घ्या, पण छोट्या गाडीची. पन्नास सीटच्या बसमध्ये हॉटेलं फिरत माणसं गोळा करण्यातच तास जातो. संध्याकाळी वॉर्साची रेल्वे धरायची असेल तर टूर परत येण्याच्या छापील वेळेनंतर किमान दोन तास मोकळे ठेवा. महामार्गावर ट्रॅफिक असतो, आणि सगळ्यात शेवटी कोणत्या हॉटेलवर सोडणार हे ड्रायव्हरच ठरवतो.